नको असलेली परवानगी

संपादकांचं पत्र आलं, की इतकी वर्षं वकिली केलीत, तर दिवाळी अंकाला खुनाचा एखादा खटला लिहून द्या. त्यांची निराशा होणार. परंड्याच्या मुन्सफ कोर्टात माझी उभी हयात गेली, पण खून आमच्याकडं येत नसत, ते थेट जिल्ह्याला जात. आमच्या वाट्याला यायच्या त्या वाटा. गाडीवाट, पाऊलवाट, विहिरीची वाट, आणि एकदा तर म्हशीची वाट. एका गृहस्थानं शेजाऱ्यावर दावा लावला की, ह्याच्या बोळातून माझी म्हैस वर्षानुवर्षं जात होती, ह्यानं ओटा पुढं घेतला आणि आता म्हशीला वळता येत नाही, ती उलट्या पावली बाहेर येते. शेजाऱ्याचा जबाब असा, की ओटा होता तिथंच आहे, म्हैस लठ्ठ झाली. ओटा आणि म्हैस या दोघांची मापं घ्यायला कोर्टानं मला पाठवलं. म्हैस शांतपणे उभी राहिली. बाकी कोणी राहिलं नाही.

पण आज सांगायचं आहे ते नामदेव आणि रसूलभाई यांच्या वाटेचं. गावाचं नाव सांगत नाही आणि माणसांची नावं बदलली आहेत, कारण दोघांचीही नातवंडं अजून तिथंच नांदताहेत.

निजामी जाऊन थोडीच वर्षं झाली होती. कोर्टाचं कामकाज मराठीत सुरू झालं होतं, तरी जुने वकील भरात आले की वादी-प्रतिवादी विसरून मुद्दई-मुद्दालेह म्हणायचे आणि मुन्सफसाहेबही ते आनंदानं ऐकून घ्यायचे. साहेब हैदराबादकडचे. सज्जन माणूस, पण वाटेचा दावा पुकारला की ते चष्मा काढून ठेवायचे. मी तेव्हा नवखा वकील होतो. नवख्या वकिलाला कामं नसतात, म्हणून कोर्ट त्याला कमिशनर नेमतं. कमिशनर म्हणजे, कोर्टाला उठून रानात जाता येत नाही तेव्हा कोर्टाचे डोळे म्हणून जाणारा माणूस. हुद्दा ऐकायला मोठा वाटतो. वाहन सायकल.

आता वाटेचा कायदा बाहेरच्या माणसाला सांगतो, कारण सगळा घोळ त्यातच आहे. समजा, माझं रान रस्त्याला लागून आहे आणि तुमचं माझ्या मागं. तुम्ही माझ्या रानातून गाडी नेता. अशी तुम्ही उघडपणे, खंड न पडता, वीस वर्षं नेलीत आणि हक्कानं नेलीत, तर ती वाट कायमची तुमची. हक्कानं याचा अर्थ न विचारता. ज्यानं भल्या माणसासारखं ‘जाऊ का?’ विचारलं तो परवानगीनं गेला असं धरतात, आणि परवानगीनं जाणाऱ्याला शंभर वर्षांनीही हक्क मिळत नाही. जो एक शब्द न बोलता गाडी हाकतो त्याला मिळतो. शाळेत मुलांना जे शिकवतात त्याच्या बरोब्बर उलट. मी हा कायदा पोटासाठी वापरला, पण त्याच्याशी माझं कधी पटलं नाही.

नामदेवची वस्ती मागच्या रानात. घर, गोठा, कडब्याच्या गंजी सगळं तिथंच. पुढचं रान रसूलभाईंचं. दोघांच्या बापांच्या वेळेपासून नामदेवच्या घरच्या गाड्या रसूलभाईंच्या बांधाकडेनं रस्त्याला लागत. दोघं बरोबरीचे, एकाच विहिरीत पोहायला शिकलेले. एका वर्षी नामदेवच्या बैलानं रसूलभाईंच्या वाळत घातलेल्या मिरच्यांत पाय दिला. रसूलभाई बाजारात चार लोकांसमोर बोलून गेले, “माझ्या रानातनं जातोय, पर कधी एकदा इचारलं न्हाय ह्या माणसानं.” हे नामदेवच्या कानावर गेलं. नामदेव म्हणाला, “बापजाद्याची वाट हाय. इचारायचं कुणाला?” आणि त्यानं दावा लावला.

त्याच्या वकिलांनी त्याला वर सांगितलेला कायदा समजावून दिला. तो त्याला इतका नीट समजला की त्यानं रसूलभाईंना रामराम घालणंसुद्धा बंद केलं. न जाणो, कोर्टानं तो रामराम विचारण्यात धरला तर!

इकडं रसूलभाईंनाही वकील होते. त्यांनी त्याच कायद्याची दुसरी बाजू समजावली. न विचारता गेला तर हक्क लागतो, परवानगीनं गेला तर लागत नाही. मग तो विचारत नसला म्हणून काय झालं, तुम्ही आपली देऊन टाका. दुसऱ्या दिवसापासून नामदेवची गाडी दिसली की रसूलभाई बांधावर उभे राहून ओरडायचे, “जावा नामदेवराव, बेलाशक जावा! माझी परवानगी हाय!”

“नको तुझी परवानगी!” म्हणून नामदेव गाडी माघारी फिरवायचा. कारण परवानगी कानावर पडल्यावर गेलं तर गेला की हक्क!

रसूलभाईंना दिवसभर बांधावर उभं राहणं जमेना. मग त्यांनी आपल्या खालाला, म्हणजे मावशीला, तिथं बसवलं. बाभळीखाली बाज टाकली. म्हातारीला ऐकू कमी यायचं, दिसायचंही बेताचंच, पण आवाज खणखणीत. समोर काही हललं की ती हात वर करून म्हणायची, “जाव बेटा, इजाजत हय!” तिनं टपालवाल्याला परवानगी दिली, दुसऱ्याच्या शेळ्यांना दिली, वावटळीलाही दिली असं म्हणत. फक्त नामदेव तेवढा घेत नव्हता. तो धान्याची पोती डोक्यावर घेऊन ओढ्यातून वळसा घालून रस्त्याला यायचा. ओढ्याची दरड अशी उभी, की तिथून बैल जाईल पण गाडी जाणार नाही.

नामदेवच्या वकिलांनी तातडीचा अर्ज देऊन तात्पुरता हुकूम मिळवला, की प्रतिवादीनं वादीला वाटेत अडवू नये. रसूलभाईंनी तो डोक्याला लावला आणि तंतोतंत पाळला. पुढच्या तारखेला नामदेवची तक्रार उभीच.

“हा तुला अडवतो का?” मुन्सफसाहेबांनी विचारलं.

“न्हाय साहेब.”

“मग तू जा.”

“जाऊ देत न्हाय साहेब.”

“अडवत नाही आणि जाऊ देत नाही?”

“परवानगी देतोय साहेब.”

साहेबांनी रसूलभाईंकडं पाहिलं. “तू परवानगी देतोस?”

“रोज देतो सरकार. घसा कोरडा पडला. ह्योच घेत न्हाय.”

साहेब बराच वेळ पंख्याकडं बघत राहिले. पंखा बंद होता. मग त्यांनी वाट प्रत्यक्ष पाहून अहवाल द्यायला कमिशनर नेमला, आणि तो मी.

मी सायकल रेटत रस्त्यानं वाटेच्या तोंडाशी पोचलो, तर एका बाजूला नामदेव आणि दुसऱ्या बाजूला रसूलभाई हजर. वाट समोर स्वच्छ दिसत होती, दोन चाकोऱ्या आणि मधे गवत. मी पाऊल उचललं.

“या साहेब, या! माझी परवानगी हाय,” रसूलभाई म्हणाले.

“साहेब, पाय टाकू नगा!” नामदेव ओरडला. “तुमी कोर्टाचं मानूस. कोर्टच परवानगीनं गेलं म्हनल्यावर माझं काय ऱ्हातंय?”

मी म्हटलं, “बरं, परवानगी न घेता जातो.”

“मग मला हरकत नोंदवावी लागंल,” रसूलभाई अदबीनं म्हणाले. “वकीलसाहेबांनी सांगितलंय तसं.”

तिकडून खालानं हात वर केला. “जाव बेटा, इजाजत हय!”

मी उचललेलं पाऊल कुठं ठेवावं हे मला कोणत्याही पुस्तकात शिकवलं नव्हतं. शेवटी बूट हातात घेतले, पाटलोण गुडघ्यावर गुंडाळली आणि नामदेवमागोमाग ओढ्यातून त्याच्या वस्तीवर गेलो. वाटेची पाहणी करायला गेलेला कमिशनर वाट सोडून चिखलातून गेला, हे मी अहवालात लिहिलं नाही. वाट दोन्ही टोकांकडून पाहिली, एवढंच लिहिलं, आणि ते खरं होतं.

वस्तीवर नामदेवच्या लेकीनं पाय धुवायला पाणी दिलं. शेवंता तिचं नाव. तोंडानं फटकळ आणि नजरेनं शहाणी. बाप जरा बाजूला गेल्यावर ती म्हणाली, “साहेब, हे केस कवा सुटंल?”

मी म्हटलं, “सांगता येत नाही. का?”

“माझं लगीन ठरलंय. सासरे पोरगी बघाया आले तवा आबांनी त्यास्नी ह्याच ओढ्यातनं आनलं. ते पडले मधीच. भरजरी फेट्यासकट. त्यांनी बजावलंय, वऱ्हाडाच्या गाड्या दारापातूर आल्या तर लगीन, न्हायतर सोयरीक मोडली.” ती थोडी थांबली. “पोरगा चांगला हाय, साहेब.”

शेवटचं वाक्य तिनं माझ्याकडं न बघता म्हटलं. त्या एका वाक्यामुळं मला त्या दाव्याची पहिल्यांदा काळजी वाटू लागली. आम्ही वकील लोक पक्षकारांची काळजी करतो ती दाव्यापुरती. इथं दाव्याच्या मागच्या रानात एक मुलगी अडकून पडली होती, आणि तिचं नाव कुठल्याच कागदावर नव्हतं.

दावा लग्नाआधी सुटणार नव्हताच. नामदेवनं व्याह्यांना शब्द देऊन टाकला होता, की तोवर निकाल होईल. निकाल झाला नाही, लग्नाची तिथी मात्र आली. मला दोन्हीकडून आमंत्रण होतं. नामदेव म्हणाला, “लेकीच्या लग्नाला या.” रसूलभाई म्हणाले, “पुतनीच्या लग्नाला या.” अहवाल कधीच देऊन झाला होता, तेव्हा जायला हरकत नव्हती. मी गेलो.

जाऊन बघतो तर रसूलभाईंनी वाटेच्या तोंडाशी आंब्याच्या डहाळ्यांचं तोरण बांधलेलं, चाकोऱ्यांवर पाणी शिंपडलेलं, खालाची बाज धुऊन पुसून ठेवलेली. स्वतः स्वच्छ शेरवानी घालून उभे. बार्शीकडून वऱ्हाडाच्या गाड्या आल्या आणि रस्त्यावर थांबल्या.

“या पावनं, या!” रसूलभाई हात पसरून म्हणाले. “खुशाल जावा. माझी परवानगी हाय!”

वाटेच्या पलीकडच्या टोकाला, आपल्या हद्दीत, नामदेव उभा होता. तो तिथून किंचाळला, “पावनं, थांबा! पाय टाकू नगा! त्याच्या परवानगीनं माझ्या दारात येऊ नगा!”

वऱ्हाडातल्या बायका एकमेकींकडं बघू लागल्या. व्याही पुढच्या गाडीत उभे राहिले. “हे काय चाललंय? मानूस या म्हनतोय आन् पोरीचा बाप नगं म्हनतोय?”

मी पुढं होऊन त्यांना कायदा समजावण्याचा मूर्खपणा केला. ते शांतपणे ऐकत होते. ऐकून झाल्यावर गाडीवानाला म्हणाले, “गाडी फिरव.”

नवरदेव हळूच म्हणाला, “म्या वड्यातनं जातो की, दादा. मला काय हुतंय?”

“तू गप बस,” व्याही म्हणाले. “म्या एकदा पडलोय.”

बैल वळायला लागले. रसूलभाईंचा चेहरा उतरला. त्यांचे पसरलेले हात तसेच राहिले. नामदेव मात्र पलीकडच्या टोकाला कायद्यासारखा ताठ उभा. मला त्या क्षणी त्याचा भयंकर राग आला.

तेवढ्यात ओढ्याच्या बाजूनं शेवंता आली. हळदीची साडी गुडघ्यापर्यंत चिखलानं माखलेली, कपाळाला मुंडावळ्या, आणि मागं दोन करवल्या धापा टाकताहेत. ती सरळ माझ्याकडं आली.

“साहेब, एक सांगा. लगीन लागल्यावर म्या कुनाची?”

“सासरची.”

“मंग आबांच्या केसात म्या कोन?”

“कोणीच नाही.”

“आन् तवा म्या रसूलचाचांना इचारलं तर आबांचा हक्क जातोय का?”

मी विचार केला. हे म्हणणं वरच्या कोर्टात टिकलं नसतं, याची मला आजही खात्री आहे. पण वरचं कोर्ट तिथं नव्हतं आणि बैल वळत होते. मी माझ्या सगळ्यात भारदस्त आवाजात सांगितलं, “नाही जात.”

“मंग हितंच लावा लगीन,” ती म्हणाली. “रस्ता सरकारी हाय.”

व्याह्यांनी तिच्याकडं पाहिलं, तिच्या पायांवरच्या चिखलाकडं पाहिलं, आणि का कोण जाणे, मोठ्यानं हसले. स्वतःचा चिखल आठवला असावा. गाड्या पुन्हा वळल्या. भटजींनी कुरकुर केली, पण मुहूर्त टळत आला होता. रस्त्याच्या मधोमध अंतरपाट धरला. नामदेवला हे पलीकडून दिसत होतं. तो धावत सुटला, पण वाटेनं नाही, ओढ्यातून. मुलीचा बाप नवं धोतर ओलंचिंब करून, धापा टाकत आला आणि त्यानं तसंच कन्यादान केलं. त्याच्या धोतराचं पाणी धुळीत ठिबकत होतं. तो रडत होता की घामाघूम झाला होता हे कळत नव्हतं, आणि मी निरखून बघितलंही नाही.

अक्षता पडल्या. शेवंता नवऱ्याबरोबर तोरणापाशी गेली, रसूलभाईंच्या पाया पडली आणि म्हणाली, “चाचा, माझ्या माह्यारला जाऊ का?”

वर्षभर ज्याला त्याला परवानगी वाटणारे रसूलभाई. पहिल्यांदाच कोणीतरी मागितली आणि त्यांना बोलताच येईना. ते नुसते मान हलवत राहिले. मग बाजेवरून आवाज आला, “जाव बेटी, इजाजत हय!”

वऱ्हाडाच्या गाड्या वाजतगाजत तोरणाखालून दारापर्यंत गेल्या. जेवणं झाली, आहेर झाले. आणि ज्याच्या घरचं हे लग्न, तो नामदेव तेवढा पुन्हा ओढ्यातून घरी आला. तोवर पंगती उठल्या होत्या. तो ओल्या धोतरानंच जेवायला बसला.

निकाल पुढं यथावकाश लागला. मुन्सफसाहेबांनी गावातल्या म्हाताऱ्यांच्या साक्षी घेतल्या आणि लिहिलं, की नामदेवच्या बापाच्या हयातीतच वीस वर्षं कधीच उलटून गेली होती. हक्क तेव्हाच पक्का झाला होता. एकदा पक्क्या झालेल्या हक्काला मागाहून कोणी परवानगी दिली काय आणि न दिली काय, त्याला धक्का लागत नाही. म्हणजे नामदेव सुरुवातीपासून त्या वाटेनं खुशाल जाऊ शकत होता. रसूलभाईंचं ओरडणं, खालाची बाज, डोक्यावरची पोती, व्याह्यांचं पडणं, माझे बूट, सगळं फुकट. दोन्हीकडचे वकील निकाल ऐकून माना खाली घालून टिपणं चाळत राहिले. मीही बाकावर बसून नखं बघत होतो. नामदेवनं निकालाची नक्कल डोक्याला लावली, घडी करून बंडीच्या खिशात घातली आणि तो निघून गेला. त्याच्या पाठीकडं बघून मला वाईट वाटलं. जिंकलेल्या माणसाची चाल ती नव्हती.

त्यानंतर काही महिन्यांनी रसूलभाई दुसऱ्या कसल्याशा कामासाठी कोर्टात आले होते. मी त्यांना लिंबाखालच्या टपरीवर चहाला नेलं आणि वाटेचं काय म्हणून विचारलं.

“पोरगी आली परवा, बाळंतपनाला,” ते म्हणाले. “नामदेव गेलता आनाया. माह्यारला येती तवा दर बारीला मला इचारून जाती ती. लग्नापासनं तसंच. पर ह्या बारीला वाटंच्या तोंडाशी गाडी थांबवली आन् बापाला म्हनली, ‘आबा, आज तुमी इचारा.’ नामदेव म्हनला, ‘आता कशाला? हुकूम झालाय.’ ती म्हनली, ‘हुकूम झालाय म्हनूनच. आता इचारलं तर काय बुडत न्हाय.’”

“मग?”

“मग काय! बैल शेपट्या हालवत्यात, म्या बाजंवर बसलोय. खाला परवानगी द्याया हात उचलाया लागली, म्या तिचा हात धरून ठेवला. लई येळानं नामदेव म्हनला, ‘रसूल, जाऊ का रं?’”

त्यांनी बशीत चहा ओतला आणि तो तसाच धरून बसले.

“आणि तुम्ही काय म्हणालात?”

“म्या म्हनलो, न्हाय.”

“नाही म्हणालात?”

“मंग! वरीसभर घसा कोरडा करून देत हुतो तवा घेतली न्हाय ह्यानं. आता एकदा इचारलं की लगीच व्हय म्हनू? म्या म्हनलो, न्हाय, खाली उतर. आदी च्या पी, मंग बघू.”

“उतरला?”

“उतरतोय न्हाय तर काय करतोय! बसलो दोघं बाजंवर. त्यो म्हनतोय तू मला बाजारात बोलला, म्या म्हनतोय तुझ्या बैलानं माझ्या मिरच्या तुडवल्या. पोरगी गाडीत अवघडून बसलेली. तिनं वाट बघितली, बघितली, मंग स्वताच कासरा हातात घेतला आन् गाडी हाकली घराकडं. कुनालाच इचारलं न्हाय.”